अनुभव धागा: व्हॅनमधले आठ जण, पडके खांब आणि डोंगरावरचं गाव

ओसरी

सकाळी हॉटेलच्या दारातून उचलायचं, दुपारपर्यंत प्राचीन अवशेष, मग डोंगरमाथ्यावरचं एखादं गाव आणि अंधार पडायच्या आत परत. भूमध्य समुद्राच्या काठाने अशा छोट्या गटाच्या सहली जागोजागी मिळतात. जाहिरातीतल्या फोटोत रस्ते कायम रिकामे आणि आभाळ कायम निळं. तुम्ही गेला असाल तर लिहा. काय पाहिलं ते थोडक्यात, दिवस कसा गेला ते सविस्तर. सुरुवात मी करते.

सिसिलीत पालेर्मोहून सेजेस्ता आणि एरिचे. सात प्रवासी आणि चालक. एका जोडप्याचं हॉटेल सापडेना, त्यात पाऊण तास गेला. हा पाऊण तास लक्षात ठेवा, पुढे नडणार आहे.

वाटेत चालकाने कागदी पिशवीवर पेनने एक पायरी काढली, तिच्या दगडावर दोन गुठळ्या काढल्या आणि म्हणाला, "खांब सगळेच बघतात. तुम्ही आधी या शोधा." आणि स्वतः दाराशीच थांबला. आम्हाला वाटलं, आळशी आहे.

सेजेस्ताचं देऊळ इसवीसनपूर्व पाचव्या शतकातलं. छत्तीसच्या छत्तीस खांब उभे, पण आत गाभारा नाही, वर छप्पर नाही, खांबांवर पन्हळीही कोरलेल्या नाहीत. काम अर्धवट सुटलं असं बहुतेक अभ्यासक मानतात. गुठळ्या सापडायला वेळ लागला नाही. दगड उचलताना दोर अडकवायला ठेवलेल्या, पंजात मावणार नाहीत एवढ्या. दगड जागेवर बसला की छिन्नीने उडवायच्या असतात, त्या उडवायला कोणी आलंच नाही. खांबांसमोर मी "वा" म्हणून पुढे गेले असते. त्या गुठळ्यांपाशी मात्र उकिडवी बसले, आणि उठवेना.

वरच्या डोंगरावर नाट्यगृह आहे, तिथे जायला वेगळी बस. तेवढा वेळ उरला नव्हता. (पाऊण तास!) मग एरिचे. समुद्रसपाटीपासून साडेसातशे मीटर, खाली समुद्र आणि मिठागरं दिसतात म्हणे. आम्हाला स्वतःचे बूट दिसत होते. तिथल्या धुक्याला लोक व्हीनसचं चुंबन म्हणतात, कारण माथ्यावर एके काळी तिचं देऊळ होतं. त्याच जागी आता नॉर्मन काळातला किल्ला आहे. गल्ल्यांतली फरसबंदी घासून घासून गुळगुळीत झालेली, त्यात ओली. दोघं घसरले. बाकीच्यांनी बदामाची मिठाई खाल्ली आणि धुकं उठायची वाट पाहिली. ते उठलं नाही.

खडीसाखर

आई बहात्तर वर्षांची, गुडघे दुखरे. एफेसस आणि शिरिंजे. तुर्कस्तानात कुशादासीला उतरलो होतो, तिथून सहा जणांची गाडी.

वयस्कर माणूस बरोबर असेल तर एकच प्रश्न आधी विचारा: वरच्या दाराने आत नेणार की खालच्या? एफेसस उतारावर आहे. वरून शिरलं तर सगळं चालणं उताराचं आणि गाडी खालच्या दाराशी येऊन थांबते. तरी रस्त्याचा संगमरवर लोकांच्या पायांनी इतका झिजलाय की आईने माझा दंड सोडला नाही. सावली नावालाही नाही. सावलीचा जेवढा तुकडा दिसेल तिथे आधीच एक मांजर पसरलेलं.

सेल्सस या रोमन अधिकाऱ्याच्या नावाच्या ग्रंथालयासमोर आमची गाईड गटाला तोंडभर माहिती देत होती. मुलाने बापाच्या स्मरणार्थ बांधलं, बाप तिथेच तळघरात पुरलेला, पुस्तकांच्या बारा हजार गुंडाळ्या मावत. दर्शनी भाग 1970 ते 1978 या काळात ऑस्ट्रियन पुरातत्त्वज्ञांनी पडलेले तुकडे जुळवून पुन्हा उभा केला. आईने मधेच विचारलं, "मग समुद्र कुठाय? बंदर होतं ना हे?" गाईड खूश झाली. नदीच्या गाळाने बंदर बुजत गेलं, समुद्र काही किलोमीटर मागे हटला, आणि बंदर गेलं तसं शहरही गेलं. नाट्यगृहासमोरून एक सरळ रस्ता निघतो, तो पूर्वी धक्क्यावर जायचा. आता झुडपांत जाऊन संपतो. आई त्या रस्त्याकडे बघत बराच वेळ बसली होती.

आता तक्रार. कार्यक्रमपत्रिकेत "स्थानिक हस्तकला" अशी एक ओळ होती. ती निघाली गालिच्यांची पेढी. चहा आला, दारं लोटली गेली, एकेक गालिचा उलगडायला लागला. पन्नास मिनिटं! आणि प्राचीन जगातल्या सात आश्चर्यांपैकी एक असलेल्या आर्टेमिस देवीच्या देवळाला किती? दहा. तिथे आता सापडलेले तुकडे एकावर एक रचलेला एकच खांब आहे आणि त्याच्या टोकावर करकोच्याचं घरटं, हे खरं. पण ते बघायला तरी पंधरा द्या.

शिरिंजेत मात्र जीव निवला. गावाचं जुनं नाव चिर्किंजे, तुर्की कानाला ते "कुरूप" असं लागतं. 1926 साली बदलून शिरिंजे केलं, म्हणजे गोजिरं. गाव होतं ग्रीकांचं. 1923 च्या करारानुसार ग्रीस आणि तुर्कस्तान यांनी लोकसंख्येची अदलाबदल केली, त्यात इथले ग्रीक तिकडे गेले आणि तिकडचे मुसलमान इथे आले. गाईडने हे दोन वाक्यांत उरकलं आणि फळांच्या वाइनच्या दुकानाकडे बोट केलं. आई म्हणाली, "म्हणजे चुली तयारच होत्या." पुढची दोन तास आम्ही दुकानात गेलोच नाही, नुसती घरं बघत फिरलो.

एकलकोंडा

खडीसाखर, म्हणूनच मी या सहलींच्या वाटेला जात नाही. सेल्चुकला मुक्काम करा. तिथून एफेसस जवळ, शिरिंजेला बसस्थानकावरून दोलमुश (म्हणजे तिथल्या शेअर मिनीबस) सुटतात. गालिचा नाही, कोणासाठी थांबणं नाही. दार उघडतं त्या वेळी आत होतो, बोटीवरून येणारे लोंढे यायच्या आत अर्धं बघून झालं.

हां, चिर्किंजेची गोष्ट मला आत्ता कळली. मी तिथे दोन दिवस होतो.

तिरकी वाट

दुसऱ्या बाजूने लिहितो. शिकायला फ्रान्समधे आविन्योंला होतो तेव्हा दोन उन्हाळे अशा व्हॅनमधे इंग्रजी बोलणाऱ्या प्रवाशांबरोबर मदतनीस म्हणून गेलोय.

गट आठचाच का, यामागे आपुलकीबिपुलकी काही नाही. युरोपात कार चालवायच्या साध्या परवान्यावर चालक सोडून जास्तीत जास्त आठ प्रवाशांची गाडी चालवता येते. नववं आसन आलं की परवान्याचा वर्ग बदलतो, खर्च बदलतो. "आम्ही मुद्दाम गट छोटा ठेवतो" हे वाक्य मी स्वतः शंभरदा म्हटलंय.

ओसरी, तुमचा चालक आळशी नव्हता. फ्रान्स, इटली, ग्रीस, तुर्कस्तान, सगळीकडे स्मारकांच्या आत माहिती सांगायला अधिकृत परवाना लागतो. नुसत्या चालकाने आत तोंड उघडलं तर दंड. म्हणून चांगले चालक सगळं गाडीतच सांगून टाकतात आणि दाराशी थांबतात. आरक्षण करताना विचारा, आत परवानाधारक मार्गदर्शक येणार का? "चालक इंग्रजी बोलतो" आणि "मार्गदर्शक आहे" या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि जाहिराती त्या मुद्दाम कालवतात.

तुमच्या गुठळ्यांवरून आठवलं. पाँ द्यु गारवर, म्हणजे नीम शहराला पाणी नेणाऱ्या रोमन जलवाहिनीच्या पुलावर, कमानींच्या बाजूला असेच दगड बाहेर आलेले आहेत, बांधकामाच्या लाकडी परांच्या टेकवायला ठेवलेले. पूल 49 मीटर उंच, खालच्या दोन मजल्यांत चुना नाही, दगड नुसते एकमेकांवर बसवलेले. मला मात्र उंचीपेक्षा उतार थक्क करतो. उझेसच्या झऱ्यापासून नीमपर्यंत सुमारे 50 किलोमीटर, आणि पाणी एकूण उतरतं साडेबारा मीटरच्या आसपास. किलोमीटरला वीतभर! लोक खाली गारदों नदीत पाय सोडून बसायचे, मी हे सांगायचो, ते मान डोलवायचे. एकदा एका निवृत्त प्लंबरने पाण्यातून पाय काढले, बूट चढवले आणि मला म्हणाला, "पुन्हा सांग." त्या दिवशी पुढचं गाव चुकलं.

गावांबद्दल प्रामाणिकपणे सांगतो. गोर्दमधे बहुतेक गाड्या समोरच्या वळणावर फोटोसाठी थांबतात, दहा मिनिटं, झालं. ले बो द प्रोव्हांसमधे उन्हाळ्यात अकरानंतर गाडी लावायला जागा नसते, तिथे वेळ खाली रस्त्यावरच जातो. वर राहणारी माणसं अगदी मोजकी, बाकी दुकानं. मोडका किल्ला मात्र बघाच, मिस्त्राल वारा सुटला असेल तर टोपी गाडीत ठेवून. (बॉक्साइटला ते नाव याच गावावरून पडलं, 1821 साली इथेच सापडलं म्हणून. हे ऐकून लहान मुलं सोडून सगळे जांभई देतात.)

पायरीवरची

डेल्फी आणि आराहोवा, अथेन्सहून. जायचे एकशेऐंशी किलोमीटर आणि यायचे तेवढेच. "दिवसाची सहल" म्हणतात त्यातले पाच-सहा तास मी व्हॅनच्या मागच्या सीटवर होते आणि मला गाडी लागते. पुढची सीट आधी मागून घ्या, लाजू नका. शेवटच्या वळणांवर मी डोळे मिटून ग्रीक देवांची नावं घेत होते.

आमच्या बरोबर परवानाधारक बाई होत्या, पन्नाशीच्या. त्यांनी सुरुवातच अशी केली की तुम्ही उभ्या आहात तिथे गाव होतं. कास्त्री नावाचं गाव अवशेषांच्या डोक्यावर वसलेलं. फ्रेंचांनी 1892 मधे उत्खनन सुरू केलं ते ते गाव उठवून, थोडं पलीकडे बसवून. मी आजवर ऐकलेल्या कुठल्याही गाईडने उठवलेल्या लोकांपासून सुरुवात केली नव्हती.

मग अपोलो देवाच्या देवळाकडे सगळे धावले आणि बाईंनी आम्हाला खालच्या भिंतीशी थांबवलं. वेड्यावाकड्या आकाराचे दगड एकमेकांत चपखल बसवलेले, सांधा कुठेही सरळ नाही. "जवळ या. तिरकं बघा." तिरकं पाहिल्यावर अक्षरं दिसली. बारीक, ओळीने, दगडभर. शेकडो लेख आहेत आणि बहुतेक गुलामांच्या मुक्ततेचे. गुलामाला अपोलोला विकल्याचं लिहायचं, म्हणजे तो माणसाचा राहत नाही, मोकळा. पैसे बहुधा गुलामानेच साठवलेले. कितींना मोकळं झाल्यावरही मालक जिवंत असेतो त्याच्याकडेच राहायची अट घातलेली. बाईंनी एक लेख वाचून दाखवला. त्यात स्त्रीचं नाव होतं, ते मी लिहून घेतलं नाही याची चुटपुट अजून आहे.

संग्रहालयातला रथाचा सारथी बघा, 1896 साली सापडलेला. ब्राँझचा, माणसाएवढा. डोळे वेगळे बसवलेले, पापण्यांचे केससुद्धा आहेत. बाजूने उभं राहून बघा, समोरून ते केस दिसत नाहीत.

आराहोवात तासभर जेवण. तिथलं फॉर्माएला चीज भाजून देतात, चावताना दातांखाली करकरतं. गाव छान, पण माझं लक्ष परतीच्या वळणांत होतं.

उशिराची

तुम्ही सगळ्यांनी उशीर करणाऱ्यांना शिव्या घातल्यात. उशीर करणारे आम्ही होतो.

रोमहून ओर्व्हिएतो आणि चिव्हिता दी बान्योरेज्जो. सकाळी ओर्व्हिएतोच्या कड्याखालची एत्रुस्कन (रोमनांच्या आधीचे इथले लोक) थडगी पाहिली. इसवीसनपूर्व सहाव्या शतकातली, गल्लीत घरं असावीत तशी रांगेने, प्रत्येकाच्या दारावरच्या दगडावर घराण्याचं नाव. मग वर गावात दीड तास मोकळा. नवऱ्याला पोझ्झो दी सान पात्रित्सिओ बघायची होती. रोम लुटलं गेल्यावर पोप इथे आश्रयाला आला, वेढा पडला तर पाणी हवं म्हणून खोदवलेली विहीर, 53 मीटर खोल. खाली जायचा जिना वेगळा, वर यायचा वेगळा, दोन्ही एकमेकांभोवती गुंडाळलेले पण कुठेच भेटत नाहीत. पाणी आणणारी खेचरं एकमेकांसमोर अडू नयेत म्हणून.

दोनशे अठ्ठेचाळीस पायऱ्या उतरलो. तळाशी मी फोटो काढत थांबले, तो पुढे चढायला लागला. मग मला वाटलं तो खालीच राहिला, त्याला वाटलं मी मागेच आहे. मी त्याला शोधायला तळाशी परत. तो वरून मला शोधायला उतरणीच्या जिन्याने पुन्हा खाली. मधल्या खिडक्यांतून एकदा समोरासमोर दिसलो, मधे सगळी विहीर. "थांब तिथेच!" दोघं एकदमच ओरडलो. दोघंही थांबलो. दोघंही वाट बघत.

व्हॅनपाशी पोचलो तेव्हा पस्तीस मिनिटं झाली होती. कोणी काही बोललं नाही. चिव्हिताला जायचा लांब पादचारी पूल शेवटी चांगलाच चढतो. आमच्या पायांत गोळे आलेले आणि बाकी सहा जण मुद्दाम झपाझप पुढे. वर त्यांना पन्नास मिनिटं मिळाली, मिळायला हवी होती दीड तास.

आम्ही बिस्किटांचा मोठा पुडा घेतला आणि गाडीत फिरवला. चालकाने एक घेतलं. मागच्या सीटवरच्या आजोबांनी पुडा पुढे सरकवला, थोड्या वेळाने विचारलं, "ती विहीर खरंच एवढी खोल आहे का?" त्यांची तीच बघायची राहिली होती. गुडघ्यांमुळे ते वरच बाकावर बसले होते. मग रोम येईपर्यंत नवरा त्यांना हातवारे करून दोन जिने समजावत होता.

ओसरी

उशिराची, माफ केलं. पालेर्मोचं जोडपं नव्हतात ना पण?

उशिराची

नाही हो! एरिचेला जायचंय अजून. वेळेवर येऊ.