चर्चा धागा : खान्देशच्या अभियांत्रिकीचे विद्यापीठ लोणेऱ्याला असावे की जळगावला?

गिरणाकाठ (धागाकर्ता)

बारावीचे निकाल लागले आणि प्रवेशाच्या फेऱ्या सुरू झाल्या की आपल्याकडे पालकांच्या बोलण्यात एक प्रश्न हमखास निघतो : जळगावात स्वतःचे विद्यापीठ असताना मुलाच्या पदवीवर लोणेऱ्याचे नाव का? या प्रश्नावर नीट चर्चा व्हावी म्हणून हा धागा काढत आहे, आणि माझी बाजू आधीच सांगून टाकतो.

लोणेरे हे रायगड जिल्ह्याच्या माणगाव तालुक्यातील, मुंबई-गोवा महामार्गावरचे गाव. तेथील डॉ. बाबासाहेब आंबेडकर तंत्रशास्त्र विद्यापीठ 1989 च्या कायद्याने स्थापन झाले आणि पुढची पंचवीसएक वर्षे ते प्रामुख्याने स्वतःच्या आवारातील विद्यार्थ्यांनाच शिकवत राहिले. 2014 च्या कायद्याने त्याला संपूर्ण राज्यातील तांत्रिक महाविद्यालयांना संलग्नता देण्याचा अधिकार मिळाला आणि 2017 नंतर खान्देशातील बरीच अभियांत्रिकी महाविद्यालये त्याच्या छत्राखाली गेली. माझ्या मते हे योग्यच झाले.

कारण सांगतो. सर्वसाधारण विद्यापीठाच्या विद्या परिषदेपुढे कला, वाणिज्य, विधी, शिक्षणशास्त्र अशा सगळ्या शाखांचे विषय असतात आणि त्या रांगेत अभियांत्रिकीचा अभ्यासक्रम आपली पाळी येईपर्यंत जुना होतो. इतर राज्यांनी हे केव्हाच ओळखले होते. आंध्रने 1972 मध्ये जवाहरलाल नेहरू तंत्रशास्त्र विद्यापीठ काढले, कर्नाटकाने 1998 मध्ये बेळगावला विश्वेश्वरय्या तांत्रिक विद्यापीठ काढले, उत्तर प्रदेशाने 2000 मध्ये आणि गुजरातने 2007 मध्ये तोच मार्ग धरला. आपण उशिरा जागे झालो.

दुसरे असे की, देशाच्या तांत्रिक शिक्षणाची चर्चा आयआयटीपासून सुरू होऊन तेथेच संपते. पण नगरपालिकेच्या पाणीपुरवठ्यात, महावितरणच्या उपकेंद्रात, चाकणच्या कारखान्यात आणि हिंजवडीच्या कार्यालयात काम करणारे बहुसंख्य अभियंते राज्यांच्या संलग्न महाविद्यालयांतूनच येतात. त्यामुळे देशाचा सरासरी अभियंता कसा निपजतो, हे अशी मोठी सार्वजनिक विद्यापीठे ठरवतात. शहाद्याच्या मुलीने आणि सांगलीच्या मुलाने एकच प्रश्नपत्रिका सोडवली, तर मुलाखत घेणाऱ्याला पत्ता पाहून अंदाज बांधावा लागत नाही.

आप्पा_चोपडेकर

भाऊ, आपण इतिहास सांगितलात, पण अर्धाच. 15 ऑगस्ट 1990 रोजी जळगावचे उत्तर महाराष्ट्र विद्यापीठ सुरू होण्यापूर्वी आपली महाविद्यालये पुणे विद्यापीठाला जोडलेली होती आणि साध्या दाखल्यासाठी लोक पुण्याच्या खेपा घालत होते. हे विद्यापीठ खान्देशाला कोणी दानात दिले नाही. त्यासाठी लोकांना मागणी लावून धरावी लागली. 2018 मध्ये त्याला बहिणाबाईंचे नाव मिळाले, तेव्हा आपल्यापैकी कित्येकांचे डोळे भरून आले होते. मग ज्या शाखेसाठी पालक शेत गहाण टाकतात, नेमकी तीच शाखा जळगावहून सुमारे पाचशे किलोमीटर दूर पाठवून आपण काय मिळवले?

अर्ज ऑनलाइन भरता येतात, हे मलाही ठाऊक आहे. पण गुणपत्रकावर आईच्या नावातले एक अक्षर चुकणे, मागच्या सत्राचा निकाल राखून ठेवला जाणे, परदेशातील प्रवेशासाठी सीलबंद लिफाफा लागणे, अशी कामे कोणत्याही विद्यापीठात निघतात आणि ती संगणकाच्या पडद्यावर सुटत नाहीत. चोपड्याच्या माणसाने जळगावला येऊन रात्रीची गाडी पकडायची, कल्याणला उतरून पनवेल गाठायचे, तेथून माणगावकडे जायचे आणि खिडकीवर पोहोचल्यावर ‘संबंधित कर्मचारी रजेवर आहेत’ हे उत्तर ऐकायचे. यात दोन दिवसांची मजुरी बुडते, तिचा हिशेब कोणत्याही अहवालात येत नाही.

सत्र_सातवे

आप्पा, आदर राखून सांगतो. मी धुळ्यात शिकतो. परीक्षा माझ्याच महाविद्यालयात होते आणि वेळापत्रक, निकाल, सूचना सगळे फोनवर येते. मी अजून लोणेरे पाहिलेले नाही आणि पाहण्याची वेळही आलेली नाही. आमची चिंता अंतराची नाही, निकालाच्या तारखेची आहे. सातव्या सत्राचा निकाल लांबला तर कंपनीने दिलेली रुजू होण्याची तारीख थांबत नाही. निकाल वेळेवर लावणारे विद्यापीठ जळगावात असो, लोणेऱ्यात असो की अंदमानात, आमची हरकत नाही.

एमआयडीसी_जळगाव

मी कारखानदार आहे, त्यामुळे पदवीवरील नावापेक्षा पदवीधराच्या हाताकडे आधी पाहतो. आमच्याकडे पीव्हीसी पाइप तयार होतो. एक्स्ट्रूडर म्हणजे प्लास्टिक वितळवून साच्यातून पुढे ढकलणारे यंत्र. त्याच्या बॅरलवर, म्हणजे स्क्रू फिरतो त्या नळकांड्यावर, हीटरचे वेगवेगळे झोन असतात. एखाद्या झोनचे तापमान थोडे जास्त चढले की पाइपवर आधी पिवळसर झाक येते आणि तरीही लक्ष दिले नाही तर आत माल करपू लागतो, मग स्क्रू बाहेर काढून घासत बसावे लागते. ही पिवळसर झाक आठवी शिकलेल्या ऑपरेटरला दुरून दिसते. यांत्रिकीच्या शेवटच्या वर्षाची मुले भेटीला येतात तेव्हा ती यंत्राचा फोटो काढतात, पण पॅनेलवरचे आकडे वाचत नाहीत. उष्णतेच्या वहनाची समीकरणे त्यांना येतात. समोर चाललेले हेच ते वहन, हे कोणी दाखवलेले नसते.

ठिबकचेही तसेच. यावल-रावेरच्या केळीच्या बागांमध्ये ड्रिपरच्या तोंडाशी क्षार साचतात आणि शेतकरी अंदाजाने आम्ल सोडतो. पाण्याची कठिणता किती, आम्ल किती, दाब किती, हा पदवीच्या प्रकल्पाचा उत्तम विषय आहे. तरी मुले नागपूर-पुण्याहून विकत आणलेले तयार प्रकल्प सादर करतात.

गंमत म्हणजे, लोणेऱ्याच्या आवारात पेट्रोकेमिकल अभियांत्रिकीची शाखा आहे. का असावी? त्याच जिल्ह्यात नागोठण्याला पेट्रोरसायनांचा मोठा कारखाना उभा आहे, याचा तिच्याशी संबंध नाही असे मला कोणी पटवून देऊ शकणार नाही. म्हणजे विद्यापीठाने स्वतःच्या अंगणात परिसर ओळखला. मग पाइप, चटई, डाळ मिल, केळी आणि दीपनगरचे औष्णिक वीज केंद्र असलेल्या परिसराला सांगलीचीच प्रश्नपत्रिका का?

गिरणाकाठ (धागाकर्ता)

आपला अनुभव मान्य, निष्कर्ष मान्य नाही. जळगावच्या विद्यापीठाने 1994 मध्ये रसायन तंत्रज्ञानाची स्वतःची संस्था काढली आणि तेथे प्लास्टिक, तेल, रंग, अन्न असे नेमके आपल्या उद्योगांचे विषय ठेवले. ती संस्था आपल्या कारखान्यापासून काही किलोमीटरवर आहे. जवळ असण्याने प्रश्न सुटत असता, तर आपली ही तक्रार इतकी वर्षे टिकलीच नसती. पॅनेलवरचे आकडे वाचायला न शिकवणे हा महाविद्यालयाचा दोष आहे. तो संलग्नतेच्या माथी मारू नये.

अक्राणीची_लेक

येथे सगळे जण जवळ आणि दूर हे जळगावच्या स्टेशनवरून मोजत आहेत, म्हणून लिहिते. मी धडगावची. आमच्याकडून जळगावसुद्धा दीड-दोनशे किलोमीटर आहे आणि त्यातला सुरुवातीचा भाग घाटाचा. 1998 मध्ये नंदुरबार जिल्हा वेगळा झाला, तरी खान्देश म्हटले की चर्चा अजून जळगाव-धुळ्यापाशीच थांबते. आमच्यासाठी लोणेरे आणि जळगाव यांत फरक आहे तो एका रात्रीच्या प्रवासाचा; परक्या कार्यालयात उभे राहण्याची भीती दोन्हीकडे सारखीच.

मला वाटते, अडचण दुसरीकडे आहे. मी पावरी बोलीच्या घरात वाढले, मराठीत बारावी केली आणि पहिल्या सत्रात पहिल्यांदा पूर्ण तास इंग्रजीत ऐकला. ‘मोमेंट ऑफ इनर्शिया’ म्हणजे काय, हे मला दुसऱ्या वर्षी वर्कशॉपच्या सरांनी फ्लायव्हील हाताने फिरवायला लावून मराठीत सांगितले तेव्हा समजले. तोवर पहिल्या सत्राचे दोन विषय राहिले होते. तंत्रनिकेतनांच्या पदविका परीक्षेला राज्य मंडळाने मराठी-इंग्रजी द्विभाषिक पर्याय दिला, आणि तेही मंडळ संपूर्ण राज्याचे आहे. म्हणजे मोठ्या यंत्रणेला असे बदल करता येतात. किंबहुना एखाद्या छोट्या विद्यापीठाला दोन भाषांतल्या प्रश्नपत्रिका आणि पुस्तके तयार करणे परवडणार नाही, राज्याच्या विद्यापीठाला परवडेल. म्हणून मी लोणेऱ्याच्या बाजूने आहे, पण गिरणाकाठ दादांच्या कारणासाठी नाही. एकच प्रश्नपत्रिका सोडवली म्हणून शहाद्याची मुलगी आणि सांगलीचा मुलगा बरोबरीला येत नाहीत. ती कोणत्या भाषेत आहे आणि तिच्यापर्यंत कोणाला कसे पोहोचवले, हेही पाहावे लागते.

निवृत्त_अध्यापक

ही चर्चा केवळ आपलीच आहे असे समजू नये. आंध्रातील ज्या विद्यापीठाचा दाखला वर दिला, त्याचे 2008 मध्ये चार तुकडे झाले. एकाच ठिकाणाहून एवढा पसारा सांभाळणे अवघड झाले होते. तामिळनाडूत अण्णा विद्यापीठाची 2007 नंतर प्रादेशिक विद्यापीठे केली आणि 2012 मध्ये पुन्हा सगळे एक केले. उत्तर प्रदेशाने 2010 मध्ये एकाची दोन विद्यापीठे केली आणि 2013 मध्ये दोन्ही जोडली. म्हणजे एका राज्याला मोठे नकोसे झाले आणि दोन राज्यांना छोटे करून पस्तावा झाला. यातून सरळ धडा निघत नाही, हे धागाकर्त्यांनी लक्षात घ्यावे. कर्नाटकाने मात्र मुख्यालय बेळगावच्या टोकाला ठेवूनही म्हैसूर, कलबुर्गी आणि बंगळूर येथे प्रादेशिक कार्यालये उभी केली. फलक लावलेले उपकेंद्र आणि सही करण्याचा अधिकार असलेले कार्यालय यांत जमीन-अस्मानाचा फरक असतो; आप्पांचे दुखणे या दुसऱ्या प्रकारच्या कार्यालयाने बरे होईल.

पण मला खटकते ते वेगळेच. 2020 च्या राष्ट्रीय शिक्षण धोरणाने संलग्नतेची पद्धत पंधरा वर्षांत टप्प्याटप्प्याने संपवण्याचे ठरवले आहे. शिरपूरचे आर. सी. पटेल तंत्रशास्त्र महाविद्यालय आणि जळगावचे शासकीय अभियांत्रिकी महाविद्यालय आताच स्वायत्त आहेत. तेथे अभ्यासक्रम आणि परीक्षा महाविद्यालयाच्याच हाती आहेत. तेव्हा लोणेरे की जळगाव, हा वाद घालत असताना ज्या संलग्नतेवर आपण भांडतो आहोत तीच पायाखालून सरकते आहे.

राहिला दर्जाचा प्रश्न. तासिका तत्त्वावर नेमलेला अध्यापक सकाळी एका महाविद्यालयात आणि दुपारी दुसऱ्यात शिकवतो. त्याला प्रयोगशाळेतील यंत्राचा आवाज ओळखण्याइतका सहवास मिळत नाही. बहिःस्थ परीक्षक म्हणून मी अनेक ठिकाणी गेलो आहे. प्रात्यक्षिकाची वही पूर्ण असते, सह्या पूर्ण असतात आणि यंत्रावरचे प्लास्टिकचे आवरण अजून काढलेले नसते. हे दृश्य दोन्ही विद्यापीठांच्या काळात सारखेच दिसले.

आप्पा_चोपडेकर

सर, स्वायत्तता ही समर्थांची सोय आहे. ज्या संस्थांकडे पैसा, इमारती आणि प्राध्यापक आहेत त्या बाहेर पडतील. मग विद्यापीठाकडे उरतील ती आडगावची, निम्म्या जागा रिकाम्या राहणारी महाविद्यालये, आणि आमची मुले तेथेच असतील, कारण शिरपूरच्या गुणवत्ता यादीत त्यांचा नंबर लागत नाही. सार्वजनिक विद्यापीठाचे खरे काम या उरलेल्यांसाठी आहे. पाचशे किलोमीटरवरून ते व्हायचे नाही. जळगावातून होईल याची हमी मी देत नाही, पण जाब विचारायला तरी जाता येते.

गिरणाकाठ (धागाकर्ता)

आप्पांचा हा मुद्दा वजनदार आहे आणि तो माझ्याच बाजूला झुकतो असे मला वाटते. दुबळ्या महाविद्यालयाला जो हात द्यायचा तो साधनांचा असतो : चांगल्या अध्यापकांचे ध्वनिमुद्रित तास, द्विभाषिक प्रश्नसंच, फिरती प्रयोगशाळा, अध्यापकांचे प्रशिक्षण. हे सगळे राज्यभर एकदाच करून वाटले तर स्वस्त पडते. मात्र निवृत्त सरांची सूचना मी उचलतो. पुनर्मूल्यांकन, नावातील दुरुस्ती आणि पदवी प्रमाणपत्र यांचा निर्णय जळगावच्या कार्यालयात व्हावा, आणि शेवटच्या वर्षाचे एक-दोन ऐच्छिक विषय विभागाने ठरवावेत, त्यात ठिबक सिंचन आणि पॉलिमर प्रक्रिया असावी. पदवी व मुख्य अभ्यासक्रम राज्याचाच असावा.

एमआयडीसी_जळगाव

अभ्यास मंडळाच्या मंजुरीची वाट पाहिली तर माझा मुलगा कारखाना चालवू लागेल. साप्ताहिक सुट्टीला आमचा एक एक्स्ट्रूडर बंद असतो. पाच-सहा मुले पाठवा, यंत्र थंड असताना स्क्रू उघडून दाखवतो, आणि चालू करताना झोनचे आकडे त्यांनाच लावायला सांगतो. मला फक्त एवढे सांगा की याचे गुण त्यांना कोण देणार, कारण गुण नसतील तर दुसऱ्या आठवड्याला कोणी येत नाही, हा अनुभव आहे.

निवृत्त_अध्यापक

प्रकल्पाचे अंतर्गत गुण महाविद्यालयातला मार्गदर्शकच देतो. मार्गदर्शकाने आपला कारखाना प्रकल्पाचे ठिकाण म्हणून नोंदवला की झाले. त्यासाठी लोणेऱ्याची किंवा जळगावची परवानगी लागत नाही.

सत्र_सातवे

धुळ्याहून येणाऱ्यांना चालेल का? आम्ही चौघे आहोत आणि प्रकल्पाचा विषय अजून ठरलेला नाही.

आप्पा_चोपडेकर

चौघांची सोय झाली याचा आनंद आहे. बाकीच्यांच्या गुणपत्रकातले अक्षर कोण दुरुस्त करणार, ते अजून कोणी सांगितलेले नाही.