हॅलोवीनच्या रात्री तुमच्याकडे काय काय घडतं? (अनुभव धागा)

रानजाई, शिकागोजवळ

31 ऑक्टोबरला मुलं सोंगं घेऊन दारोदार खाऊ मागत फिरतात, तो हॅलोवीन. ऑक्टोबर उजाडला की आमच्या मराठी मंडळाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर तेच फॉरवर्ड फिरायला लागतात. चॉकलेटात सुई, गोळीत विष, गमीत गांजा. नव्याने आलेल्या आयांची झोप उडते. म्हणून हा धागा काढतेय. अट एकच, स्वतःच्या बाबतीत किंवा डोळ्यांदेखत घडलेलं लिहायचं. नणंदेच्या मैत्रिणीच्या ऑफिसातल्या बाईचा मुलगा इथे चालणार नाही.

आमच्या भागात या भीतीला जुनी कारणं आहेत. 1982 च्या सप्टेंबरअखेरीस शिकागो परिसरात कुणीतरी टायलेनॉल या वेदनाशामक औषधाच्या कॅप्सुलांमध्ये सायनाइड भरून बाटल्या दुकानात मांडून ठेवल्या. 7 जण गेले, आणि कुणी केलं ते आजवर सिद्ध झालेलं नाही. पाठोपाठ महिनाभरात हॅलोवीन. आमच्या शेजारच्या आजी सांगतात, त्या वर्षी मुलांना घराबाहेर सोडलंच नाही. पण डेलावेअर विद्यापीठाचे समाजशास्त्रज्ञ जोएल बेस्ट यांनी 1958 पासूनच्या बातम्या शोधून तपासल्या. दारोदार मागून आणलेल्या खाऊत परक्या माणसाने काही मिसळलं आणि त्याने मूल दगावलं किंवा गंभीर जखमी झालं, असं एकही पक्कं प्रकरण त्यांना मिळालं नाही.

माझा स्वतःचा अनुभव चोरीचा आहे. आम्ही मुलांबरोबर बाहेर पडताना पोर्चवर चॉकलेटांचं टोपलं आणि 'दोन घ्या' अशी पाटी ठेवतो. एका वर्षी मिसरूड फुटलेली चार मुलं आली, अंगात कसला पोशाख नाही की काही नाही. त्यांनी टोपल्यासकट सगळं उचललं. वर दारावरच्या कॅमेऱ्याला हात हलवून गेली! ते सोडा. त्याच रात्री समोरच्यांचं दारातलं पार्सल गेलं, आणि ते नेणारा मुखवटा घालून आरामात चालत आला होता. एरवी असा माणूस दारात दिसला तर अख्खी गल्ली फोन फिरवेल. त्या रात्री कुणी हटकतसुद्धा नाही.

कोकमसार, न्यू जर्सी

विषाचं जाऊ दे, गाड्यांचं बोला.

आमच्या टाउनशिपमध्ये निम्म्या रस्त्यांना फुटपाथच नाहीत. संध्याकाळी सहाच्या सुमाराला, म्हणजे धड उजेड नाही धड अंधार नाही अशा वेळी, आमचा घोळका रस्ता ओलांडायला उभा होता. एक मिनीव्हॅन थांबली, बाईंनी हाताने 'जा' म्हणून खूण केली. मागच्या गाडीवाल्याला वाटलं असणार की ही कुणाला तरी उतरवायला थांबलीय, त्याने डावीकडून गाडी पुढे काढली. शेजाऱ्यांचा सहा वर्षांचा बॅटमॅन सगळ्यात पुढे. काळे कपडे, काळा मुखवटा, आणि मुखवट्याला डोळ्यांच्या जागी एवढीशी भोकं, त्यामुळे बाजूचं काही दिसायचा प्रश्नच नाही. माझ्या मुलीने मागून त्याची केप ओढली. वेल्क्रो सुटून केप तिच्या हातात आली, पण त्या हिसक्याने पोरगं जागच्या जागी थबकलं. गाडी त्याच्या हातातल्या प्लॅस्टिकच्या भोपळ्याला घासून गेली. भोपळा फुटला, चॉकलेटं रस्ताभर. आणि बॅटमॅन रडला तो चॉकलेटांसाठी!

नंतर मी शोधाशोध केली. अमेरिकेतल्या 1975 ते 2016 या वर्षांच्या अपघातांचा एक अभ्यास बालरोगतज्ज्ञांच्या नावाजलेल्या जर्नलमध्ये आलाय. 31 ऑक्टोबरच्या संध्याकाळी पादचारी गाडीखाली येऊन दगावण्याचा धोका आठवडाभर आधीच्या आणि नंतरच्या संध्याकाळींपेक्षा 43 टक्के जास्त. चार ते आठ वर्षांच्या मुलांमध्ये जवळपास दहापट. हे फॉरवर्ड मात्र मला आजवर कुणी पाठवलेलं नाही.

शेवग्याची_शेंग, ओहायो

तरी मी आमच्याकडचा खाऊ तपासतेच. वेष्टन फाटलेलं दिसलं की थेट कचऱ्यात. कोणी मला वेडी म्हटलं तरी चालेल. आणि रानजाई, सायनाइडने मुलगा गेल्याचं टेक्ससचं प्रकरण खरं आहे ना?

रानजाई

खरं आहे. 1974, डिअर पार्क. पण आंबटगोड पावडरीच्या नळीत सायनाइड घातलं होतं सख्ख्या बापाने, पोराच्या विम्याच्या पैशासाठी. संशय परक्या घरावर जावा म्हणून आणखी मुलांच्या हातातही तशाच नळ्या दिल्या होत्या, नशिबाने त्यांनी खाल्ल्या नाहीत. 1984 मध्ये त्याच्या मृत्युदंडाची अंमलबजावणी झाली. फाटलं वेष्टन टाकून द्यायला माझा विरोध नाहीच. फक्त ते तपासण्यात अर्धा तास घालवणारे आईबाप मुलांना काळ्या कपड्यांत रस्त्यावर सोडतात, याचं नवल वाटतं.

मेतकूटभात, कॅलिफोर्निया

खाऊ तपासणं आमच्या घरी सक्तीचं आहे, पण कारण वेगळं. धाकटीला शेंगदाण्याची ॲलर्जी. मोठ्या पाकिटावर घटकांची यादी असते, आतल्या छोट्या वड्यांवर बहुतेक वेळा नसतेच. त्यात लहान आकाराच्या चॉकलेटात कधी कधी घटकही नेहमीच्या वडीपेक्षा वेगळे असतात. म्हणून आमच्याकडे नियम आहे, रस्त्यात एकही गोळी तोंडात टाकायची नाही. घरी आल्यावर ताईबरोबर अदलाबदल. काही घरांपुढे निळसर हिरवा रंगवलेला भोपळा दिसला की तिथे खाऊऐवजी खेळणी, स्टिकर वगैरे मिळतात. ही पद्धत 2014 पासून देशभर पसरली. त्या भोपळ्याचं दार दिसलं की आमची चिमुरडी अशी धावत सुटते की बास. आपत्कालीन इंजेक्शन माझ्या खिशात असतं, पिशवीत नाही, कारण पिशवी नेमकी नवऱ्याकडे असते आणि नवरा मागे कुणाशी तरी क्रिकेटवर बोलत असतो.

लोणच्याची_बरणी, लेस्टर, इंग्लंड

अमेरिकावाल्यांना निदान थोडा उजेड तरी मिळतो. तिकडे घड्याळं नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी मागे जातात, आमच्याकडे ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी. त्यामुळे इथे हॅलोवीनला साडेपाचलाच मिट्ट काळोख.

आणि त्याच दिवसांत आपली दिवाळी. 2024 साली तर अगदी गाठच पडली. लक्ष्मी यावी म्हणून दार उघडं ठेवायची आपली रीत, दारात पणत्या, अंगावर ठेवणीतले दागिने. तेवढ्यात मुखवटे घातलेली तिघं आली. उंचीवरून कळत होतं की मुलं नाहीत. मी डबा पुढे केला, पण खाऊकडे एकाचंही लक्ष नाही. एक जण माझ्या खांद्यावरून आत पॅसेजमध्ये बघत होता. दुसऱ्याने विचारलं, "घरात एकट्याच आहात का?" मी स्वयंपाकघराकडे तोंड करून मराठीत ओरडले, "अहो, जरा बाहेर या, आणि भाऊजींनाही आणा!" घरात चिटपाखरू नव्हतं. पण ते निघून गेले. दोन दिवसांनी आमच्या मागच्या रस्त्यावरच्या एका गुजराती घराचं मागचं दार फोडून सोनं नेलं. तेच होते की नाही, देव जाणे. इथले पोलीस दर दिवाळीला आशियाई घरांना सोन्याबद्दल सावध करतात ते काही उगाच नाही. आता आमचं सोनं लॉकरमध्ये. पूजेला आईंची मोत्याची नथ तेवढी.

अंडी फेकणं, दारातल्या पत्रं टाकायच्या फटीतून फटाका आत टाकणं हेही चालतं. हॅलोवीनपासून 5 नोव्हेंबरच्या बॉनफायर नाइटपर्यंत आम्ही त्या फटीला आतून पत्र्याची पेटी लावतो.

हळदकुंकू, मँचेस्टर

मी अपघात विभागात नर्स आहे. त्या आठवड्यात सगळ्यात जास्त काय येतं सांगू? दारात दिवा ठेवायला भोपळा कोरताना हात कापून घेतलेली माणसं. विळीवर लाल भोपळा चिरण्यात हयात गेलेल्या आपल्या बायकासुद्धा! सोपं कारण आहे, गर ओला, साल टणक, आणि सुरी स्वतःच्या दिशेने. बाजारात मिळणारी छोटी करवत वापरा, आणि सुरी मुलांच्या हातात देऊच नका.

भाजलेली मुलं त्या मानाने कमी, पण एक केस डोक्यातून जात नाही. चेटकिणीचा झगा, लोंबत्या बाह्या, पायरीवर भोपळ्यात खरी मेणबत्ती. पॉलिएस्टर नुसतं जळत नाही, वितळून कातडीला चिकटतं. इथे मुलांचे असे पोशाख कपड्यांत न धरता खेळण्यांत धरतात, आणि खेळण्यांचे आगीचे निकष रात्रीच्या कपड्यांपेक्षा सैल. आत जाडसर सुती किंवा लोकरी कपडे घाला आणि भोपळ्यात बॅटरीचा दिवा ठेवा. डोळ्यांत रंगीत लेन्स घालून मांजर होणाऱ्या कॉलेजकन्यकांनो, एकमेकींच्या लेन्स वापरू नका. बुबुळाला झालेल्या संसर्गाने नजर कायमची अधू होऊ शकते.

गिरणगावकर, मिशिगन

मी या धाग्यावरचा बहुधा सगळ्यात म्हातारा. डेट्रॉईटच्या गाड्यांच्या धंद्यात उभी नोकरी झाली. आमच्याकडे 31 ची नाही, 30 तारखेच्या रात्रीची भीती असायची, डेव्हिल्स नाइट. आधी नुसता पोरखेळ होता, घंटी वाजवून पळणं, झाडांवर टॉयलेट पेपर. मग शहर ओस पडत गेलं, रिकामी घरं वाढली आणि आगी लागायला लागल्या. 1984 मध्ये हॅलोवीनच्या आसपासच्या तीन दिवसांत 800 वर आगी नोंदल्या गेल्या. सगळ्या पोरांनीच लावल्या असं नव्हे हो, विम्यासाठी स्वतःचं घर पेटवणारेही हात धुऊन घेत होते.

1995 पासून महापौर डेनिस आर्चर यांनी एंजल्स नाइट सुरू केली. हजारो स्वयंसेवक आपापल्या गल्लीत रात्रभर पहारा द्यायचे. आमच्या कारखान्यातला एक सहकारी मला घेऊन गेला. गाडीच्या टपावर पिवळा लुकलुकता दिवा, थर्मासात कॉफी, आणि हळूहळू चकरा. एका पडक्या घराच्या पोर्चवर दोन मुलं बसलेली दिसली, पायाशी कॅन. आम्ही काही बोललो नाही, गाडी तिथेच उभी केली आणि कॉफी पीत बसलो. पोरं कंटाळून निघून गेली. कॅनमध्ये काय होतं ते बघायला आम्ही उतरलो नाही. आगी वर्षागणिक कमी होत गेल्या. पोलिसांनी केलं असतं तर इतकं जमलं असतं असं मला वाटत नाही.

पेरूची_फोड, सोल

लिहू की नको, ठरत नव्हतं.

29 ऑक्टोबर 2022 ला मी हॅलोवीनसाठी इथल्या इटेवॉन भागात गेलो होतो. संध्याकाळी सातच्या आसपास मेट्रोतून वर आलो. हॅमिल्टन हॉटेलच्या कडेने एक चढाची गल्ली जाते, फार तर तीन-चार मीटर रुंद. तिच्या तोंडाशीच गर्दी अशी होती की पाय मी टाकत नव्हतो, लोक टाकत होते. मी मुंबईकर, गर्दीला घाबरत नाही. पण एल्फिन्स्टनच्या पुलावर सप्टेंबर 2017 मध्ये 23 माणसं गेली तेव्हा मी परळला नोकरीला होतो. छातीवर दाब आला, हात वर काढता येईनात, तेव्हा तेच आठवलं. कोपराने जागा करत भिंतीकडे सरकलो, एका दुकानात शिरलो, तासाभराने मागच्या बाजूने निघून घरी.

सव्वादहानंतर चेंगराचेंगरी झाली. 159 जीव गेले, बहुतेक विशी-तिशीचे. पोलिसांना 'इथे माणसं चिरडतील' असा पहिला फोन 6 वाजून 34 मिनिटांनी गेला होता. म्हणजे मी पोचायच्याही आधी. कार्यक्रमाला कोणी आयोजक नव्हता, म्हणून गर्दीचं नियोजन कुणाचंच काम नव्हतं, असा युक्तिवाद नंतर झाला. आमच्या गावच्या जत्रेत निदान बांबू तरी बांधतात.

आंबोळी, निशी-कसाई, टोकियो

त्यानंतर आमच्याकडे टोकियोतल्या शिबुया या भागाचे महापौर केन हासेबे यांनी 2023 मध्ये सरळ सांगितलं, हॅलोवीनला शिबुयाला येऊ नका. हाचिको कुत्र्याचा पुतळासुद्धा झाकून टाकला होता! 2018 मध्ये तिथे पोरांनी छोटा ट्रक उलटा केला होता, त्यामुळे कुणाला फारसं नवल वाटलं नाही. मला स्वतःला जास्त भीती लोकल ट्रेनची. 2021 च्या हॅलोवीनला केइओ रेल्वे लाइनवर जोकरसारखे कपडे घातलेल्या एकाने चाकू चालवला, आग लावली, 17 जण जखमी. तेव्हापासून त्या रात्री डब्यात शिरल्यावर मी आधी आपत्कालीन बटण कुठे आहे ते बघते आणि मग सीट.

तिखटमीठ, टेक्सस

आमचा पोरगा पंधराचा, उंच, आवाज फुटलेला. गेल्या वर्षी सैनिकाचा पोशाख आणि हुबेहूब दिसणारी खेळण्यातली रायफल. टोकाची नारिंगी टोपी त्याने 'खरी वाटावी' म्हणून काढून ठेवलेली. नवऱ्याने रायफल काढून घेतली तेव्हा घरात महाभारत झालं. मी त्याला योशिहिरो हातोरीबद्दल वाचायला दिलं. 16 वर्षांचा जपानी विद्यार्थी, 1992, बॅटन रूज. हॅलोवीनच्या पार्टीला जाताना चुकून दुसऱ्याच घराची घंटी वाजवली, आणि घरमालकाने गोळी घातली. खटल्यात तो निर्दोष सुटला. लेकाने वाचलं, काही बोलला नाही, रायफल मात्र परत मागितली नाही. आता आमच्याकडचा नियम: पोर्चचा दिवा बंद असेल तर त्या घराच्या पायवाटेवरसुद्धा पाय ठेवायचा नाही.

चाळीतला_बाळ, पवई

आमच्या कॉम्प्लेक्समध्येही हल्ली हे फॅड आलंय. गाड्या नाहीत, बंदुका नाहीत, पण बावीस मजले आणि लिफ्टमध्ये एकटी पोरं. गेल्या खेपेला दोन भुतं सर्व्हिस लिफ्टमध्ये अडकली आणि वॉचमन हसत बसला, त्याला वाटलं खेळाचाच भाग आहे. यंदा कमिटीने भाग घेणाऱ्या फ्लॅटच्या दारावर आकाशकंदिलाचं चित्र लावायला सांगितलंय. प्रत्येक घोळक्याबरोबर एक मोठा माणूस.

शेवग्याची_शेंग

कोकमसार, तुझं वाचून मी चमकणारी टेप मागवलीय. पाठीवर लावू की बादलीला?

कोकमसार

दोन्हीकडे लाव, शिवाय बुटांच्या टाचांना. हेडलाइट आधी खाली पडतो, आणि टाचा सतत हलत असतात म्हणून लगेच नजरेत भरतात. केपवर लावू नकोस, ती वाऱ्याने दुमडते.