मदत हवी आहे: आमच्या उन्हात इलेक्ट्रिक स्कूटर टिकेल का?

नमस्कार मंडळी. दारव्ह्याजवळच्या खेड्यात राहतो, रोज कामाला यवतमाळ. जाणं-येणं ८० किलोमीटरच्या घरात. पेट्रोलनं कंबरडं मोडलं म्हणून इलेक्ट्रिक स्कूटर घ्यायचं मनात आहे. नॉर्वेत २०२४ मध्ये विकलेल्या दर १० नव्या कारपैकी जवळपास ९ इलेक्ट्रिक होत्या म्हणे. बरोबर आहे, पण त्यांना थंडीची काळजी, आपल्याला मे महिन्याची!

दुपारी पारा ४५ वर जातो. कामावर गाडी टिनाच्या शेडखाली उभी राहते. चार वाजता सीटवर रुमाल टाकल्याशिवाय बसवत नाही. बॅटरीचं काय होत असेल? वाचलं त्यावरून एनएमसी म्हणजे निकेल-मँगनीज-कोबाल्टवाल्या लिथियम बॅटरीपेक्षा एलएफपी म्हणजे लिथियम आयर्न फॉस्फेट बॅटरी उष्णता जास्त सोसते, फक्त तेवढ्याच रेंजसाठी (एका चार्जमध्ये गाडी जाते ते अंतर) वजन जास्त. शोरूमवाल्याला विचारलं, "यात कोणती?" तर म्हणे, "भाऊ, एकदम भारी आहे." झालं उत्तर!

दुसरी अडचण लायटीची. शेतातल्या पंपाच्या मोटारी सुरू झाल्या की संध्याकाळी बल्ब पिवळा पडतो, पंखा रडतखडत फिरतो. अशा व्होल्टेजवर चार्जर खराब होतो का? स्टॅबिलायझर लावावा का? १५ अँपिअरचा सॉकेट अन् अर्थिंग नवीन करणार आहेच.

शेजारच्या काकांची जुनी लेड-ॲसिड बॅटरीवाली स्कूटर दीड वर्षात बसली, म्हणून आई आत्तापासूनच नाही म्हणते.

विदर्भात दोन-तीन उन्हाळे गाडी वापरलेल्यांनी सांगा: रेंज खरी किती उरली? अन् उन्हातून आल्याबरोबर चार्जिंगला लावता की गार होऊ देता?