उत्तर: आवाज बंद केला तर काय उरतं?

वर कुणीतरी म्हटलंय की अशा कथाविरहित, प्रायोगिक चित्रपटांत सगळा परिणाम पार्श्वसंगीताचा असतो, आवाज बंद केला की हाती काहीच लागत नाही. काही चित्रपटांबाबत ते खरं आहे, पण सरसकट नाही. माया डेरेन आणि अलेक्झांडर हॅमिड यांचा 'मेशेस ऑफ द आफ्टरनून' १९४३मध्ये बनला तो मूक. तेजी इतोचं संगीत त्याला जोडलं गेलं थेट १९५९मध्ये, म्हणजे सोळा वर्षं त्यातली अस्वस्थता निव्वळ दृश्यांनी पेलली होती. मी तो मुद्दाम आवाज बंद करून पाहिला. हातात सुरी घेतलेली ती बाई पावलं टाकते: एक वाळूवर, एक गवतावर, एक फरसबंदीवर, मग गालिच्यावर. चाल एकच, जागा मात्र दर पावलाला वेगळी. अंगावर काटा आला, आणि तो केवळ संकलनामुळे.

आणखी एक गोष्ट इथे कुणी काढली नाही, ती म्हणजे कॅमेऱ्याची. असे चित्रपट बनवणारे कितीतरी लोक चावी देऊन चालणाऱ्या बोलेक्स कॅमेऱ्यावर १६ मिमी रुंदीची फिल्म वापरत. एकदा पूर्ण चावी दिली की सेकंदाला २४ फ्रेमच्या (चित्रचौकटींच्या) वेगाने जेमतेम २८ सेकंद चित्रण होतं, मग थांबून पुन्हा चावी द्यायची. लांबलचक संवादाचा प्रसंग त्यावर सलग घेणार कसा? तुकड्यातुकड्यांनी विचार करायची सवय त्या यंत्रानेही लावली असावी, असं मला मनापासून वाटतं.