जर्मनीतली शाळा: तातडीने मदत हवी आहे

सिंहगडरोडकर: नवऱ्याची जर्मनीला बदली झालीय, ऑगस्टमध्ये निघायचंय. मुलासाठी चांगली शाळा कोणती? चौथीनंतर म्हणे मुलांची वेगवेगळ्या शाळांत वाटणी करतात, खरं का? इथल्या शाळेत शाळा सोडल्याच्या दाखल्याचा अर्ज सोमवारी द्यायचाय. गूगल करून डोकं फिरलंय. लवकर सांगा.

खवचट_पेठकर: जर्मनी म्हणजे कुठे? मुलगा कितवीत?

बर्लिनवासी: राज्य सांगा आधी. तिथे शिक्षण राज्यांच्या हातात आहे. आमच्याकडे प्राथमिक शाळा सहावीपर्यंत, त्यामुळे चौथीचं टेन्शनच नाही.

सिंहगडरोडकर: म्युनिक, बव्हेरिया राज्य. नुकती तिसरी झाली. बर्लिनचं मी विचारलेलंच नाही.

बाणेरचा_बाप: सरळ इंटरनॅशनल स्कूलला घाला. आम्ही तेच केलं, परत आल्यावर इथे काही अडलं नाही.

सिंहगडरोडकर: फी कंपनी देत नाहीये.

इझारकाठची_मावशी: ताई, म्युनिकला सात वर्षं काढलीत, म्हणून सांगते. 'चांगली शाळा' हा पुण्याचा प्रश्न झाला. तिथे सरकारी प्राथमिक शाळा, म्हणजे ग्रुंडशूले, घराच्या पत्त्यावरून ठरते. फॉर्मच्या रांगा नाहीत, डोनेशन नाही. आधी घर, मग शाळा. आणि वाटणी खरी आहे. चौथीत मे महिन्यात एक प्रगतिपुस्तक हातात पडतं. जर्मन, गणित आणि परिसर अभ्यास, या तिन्हींची सरासरी २.३३ किंवा त्याहून चांगली असली तर गिम्नाझियुम, म्हणजे थेट विद्यापीठाकडे नेणारी शाळा, २.६६ पर्यंत रेआलशूले, म्हणजे दहावीपर्यंतची मधली, नाहीतर मिटलशूले, म्हणजे कामधंद्याच्या शिक्षणाकडे नेणारी. १ म्हणजे उत्तम आणि ६ म्हणजे नापास, हे घरी आधीच सांगून ठेवा. लेकीला गणितात १ मिळाला तेव्हा आमच्या सासूबाई फोनवर म्हणाल्या, "अगं, सहापैकी एकच?" आणि दोन दिवस तिच्याशी नीट बोलल्या नाहीत.

बर्लिनवासी: दहा वर्षांच्या पोराचं भवितव्य दशांश चिन्हावर! धन्य तो बव्हेरिया.

इझारकाठची_मावशी: भवितव्य वगैरे काही नाही. रेआलशूलेतून दहावी करून पुढे फाखओबरशूलेला, म्हणजे तिथल्या अकरावी-बारावीला जाता येतं, तिथून उच्च शिक्षणाची वाट आहेच. भाचा तसाच इंजिनिअर झाला. ताई, एक लक्षात ठेवा: पहिलीपासून जर्मन शाळेत नसलेल्या, जर्मन मातृभाषा नसलेल्या मुलांना सरासरी ३.३३ पर्यंत असली तरी गिम्नाझियुमची शिफारस मिळू शकते. मात्र गुण भाषेमुळे कमी पडलेत असं शाळेला वाटायला हवं. हे कोणी आपणहून सांगत नाही, वर्गशिक्षिकेला ऑक्टोबरातच विचारा.

जेईईवाला_काका: नुसत्या बारावीवर तिथल्या विद्यापीठात थेट प्रवेश मिळत नाही, बहुतेकांना आधी स्टुडिएनकोलेगचं, म्हणजे विद्यापीठाआधीच्या तयारीचं, वर्ष करावं लागतं. माझ्या मुलाने म्हणून इथेच एक वर्ष इंजिनिअरिंग केलं.

खवचट_पेठकर: काका, मुलगा तिसरी झालाय.

नानाची_टांग: आपल्याकडे २०२० च्या शैक्षणिक धोरणाने शाळेचे टप्पे ५+३+३+४ केले, पण शेजारच्या बालवाडीत अजून तीन वर्षांच्या पोराला 'क्ष' गिरवायला लावतात.

बाणेरचा_बाप: ते धोरण रुजायला आता दहा वर्षं तरी लागतील. मी म्हणतो...

सिंहगडरोडकर: विषय भरकटवू नका प्लीज. मावशी, खूप आभार. म्हणजे जर्मन आत्ताच सुरू करायला हवं. फर्ग्युसन रोडला रानडे इन्स्टिट्यूटमध्ये जर्मनच्या वर्गाला लहान मुलांना घेतात का?

इझारकाठची_मावशी: तिथे मोठ्यांचे वर्ग असतात. मुलासाठी घरगुती शिकवणी बघा, रोज अर्धा तास. व्याकरण राहू द्या, वर्गात तोंड उघडता आलं पाहिजे.

सिंहगडरोडकर: बरं. आणि धाकटीचं काय? तिला बालवाडीतच ठेवतील ना?

खवचट_पेठकर: धाकटी??

इझारकाठची_मावशी: अहो, ही कुठून आली! जन्मतारीख सांगा.

सिंहगडरोडकर: २० ऑगस्टला सहा पूर्ण होतील. महत्त्वाचं आहे का ते?

इझारकाठची_मावशी: तेच तर महत्त्वाचं! बव्हेरियात जुलै ते सप्टेंबरमध्ये सहा पूर्ण होणाऱ्यांना पहिलीत घालायचं की वर्षभर थांबवायचं, हे आईबाप ठरवतात. थांबवलंत तर किंडरगार्टनची जागा शोधावी लागेल, आणि म्युनिकमध्ये ती मिळवताना घाम फुटतो. मी असते तर पहिलीत घातलं असतं. सप्टेंबरच्या मध्याला शाळा उघडते. पहिल्या दिवशी पोरं खाऊ भरलेला, मोठाच्या मोठा कागदी शंकू कवटाळून येतात. तो बरेच जण घरी बनवतात, पुठ्ठा तिकडेच घ्या.

सिंहगडरोडकर: शंकू?? बरं, नवऱ्याला दाखवते हे. दाखल्याचे अर्ज मग दोन लागतील ना?