कांदा-लसूण-मैदा न वापरता पिएरोगी: उकडीची पारी चालेल का?

शेपूचीजुडी:
पोलंडच्या पिएरोगी रुस्कीत, म्हणजे सारण भरून पाण्यात उकळलेल्या करंजीसारख्या पदार्थात, बटाटा, त्वारूग हे ताजं आंबूस चीज आणि परतलेला कांदा असतो, पारी मैद्याची. लो-फॉडमॅप आहाराच्या (पोटात गॅस आणि दुखणं वाढवणाऱ्या काही कर्बोदकांना टाळायचा आहार) पहिल्या टप्प्यात मैदा, कांदा, लसूण, साधं दूध सगळंच बाद. पारीला मोदकाची उकड घेतली, तर उकळत्या पाण्यात कडा सुटतात आणि सारण पातेल्यात उतरतं. काय बदलावं? आणि कांद्याविना चव कशी आणायची?

चाळणी_वाफ:
कडा सुटणारच. मैद्याची पारी ग्लुटेनमुळे पाण्यात टिकते, तांदळात ग्लुटेन नाही. म्हणून उकळू नका, वाफवा.

१ वाटी पाण्यात १ चमचा तेल आणि मीठ घालून उकळी आली की १ वाटी आंबेमोहोराची पिठी घाला. मंद आचेवर झाकून २ मिनिटं, गॅस बंद करून ५ मिनिटं. हाताला सोसेल इतकी गरम असतानाच तेल-पाण्याच्या हाताने मळा. गार उकडीला बारीक भेगा पडतात, आणि फुटते ती तिथूनच. आकार करंजीचा ठेवा, पण मुरड घालू नका, तिथे पीठ जाड राहतं. कडेला ओलं बोट फिरवून नुसतं दाबा. १० ते १२ मिनिटं वाफ. चाळणीत हळदीचं पान घातलंत तर पातोळ्यांचा तो वास बटाट्यालाही फार छान लागतो.

उकळायचीच असेल तर पिठीत १ चमचा इसबगोल मिसळा, पाणी २-३ चमचे वाढवा आणि खळखळ उकळी न आणता शिजवा.

हिंगाचा_खडा:
चवीचं सांगते. कांदा-लसणातलं त्रासदायक फ्रुक्टन (एक प्रकारचं कर्बोदक) पाण्यात विरघळतं, तेलात नाही. त्यामुळे सारणात कांदा शिजवून नंतर वेचून काढण्याचा उपयोग नाही, फ्रुक्टन बटाट्यात उतरलेलं असतं. २ मोठे चमचे तेलात लसणाच्या ३ अख्ख्या पाकळ्या मंद आचेवर सोनेरी करा, सगळ्या काढून टाका आणि ते तेल बटाट्यात घाला. तेल त्याच दिवशी संपवा. बाहेर ठेवलेल्या लसूण-तेलात बोटुलिझमचे (जिवावर बेतू शकणाऱ्या अन्नविषबाधेचे) जंतू वाढू शकतात. पातीच्या कांद्याची फक्त हिरवी पात घ्या, पांढरा भाग नको. हिंग घालणार असाल तर हिंगपुडीत बऱ्याचदा गव्हाचं पीठ असतं, डबीवरचे घटक वाचा.

शेपूचीजुडी:
त्वारूगऐवजी पनीर?

चाळणी_वाफ:
चालेल, पण लॅक्टोज-फ्री दुधाचं. लिंबाने तेही नेहमीसारखंच फाटतं. २५० ग्रॅम बटाट्याला १०० ग्रॅम, पंचा घट्ट पिळून. बटाटे सालीसकट उकडा, सोलून गरम असतानाच किसा. मिक्सरमध्ये फिरवलेत तर खळ होते. पनीर गोडसर असतं, म्हणून अर्धा चमचा लिंबाचा रस. मिरपूड भरपूर. सारण पूर्ण गार करूनच भरा, नाहीतर आतल्या वाफेने शिवण उघडते. शेपू शेवटी, बारीक चिरून. तो पोलंडच्या स्वयंपाकातलाच आहे, वरून तूप घातलं की आंबट साय लागत नाही.