जुन्या प्रोग्रामला ब्राउझरशी जोडणारी डीएलएल विंडोज ११ वर लोड होत नाही

फोर्टकर (प्रश्न)

सर्वांना नमस्कार. फोर्टमध्ये आमचे कर सल्लागाराचे छोटे कार्यालय आहे आणि तेथील संगणकांची देखभाल माझ्याकडे असते. अशिलांच्या नोंदींसाठी आम्ही बऱ्याच वर्षांपूर्वी एका प्रोग्रामरकडून व्हिज्युअल बेसिक ६ मध्ये एक प्रोग्राम करून घेतला होता. त्याच्यासोबत एक डीएलएल फाइल (दुसऱ्या प्रोग्रामने आपल्यात लोड करून वापरायची लायब्ररी) आहे. ती इंटरनेट एक्सप्लोररमध्ये लोड होत असे आणि प्रोग्राममधील पॅन, पत्ता व रकमा कराच्या पोर्टलच्या पानावरील रकान्यांत आपोआप भरत असे. डिजिटल सही यूएसबी टोकनवरून होते आणि त्यासाठी टोकनच्या उत्पादकाची आणखी एक डीएलएल लागते.

आता कार्यालयात विंडोज ११ चे संगणक आले आहेत. पहिली फाइल मी सिस्टम३२ फोल्डरमध्ये ठेवली, दुसरी तिच्या मूळ फोल्डरसह सी ड्राइव्हवर आणली आणि दोन्ही रेगएसव्हीआर३२ ने (डीएलएलची विंडोजमध्ये नोंदणी करणाऱ्या साधनाने) नोंदवून पाहिल्या. पहिलीच्या वेळी मॉड्यूल लोड होऊ शकले नाही असा संदेश येतो, तर दुसरीच्या वेळी डीएलएलरजिस्टरसर्व्हर हा प्रवेशबिंदू (फाइलीतील ठरलेले फंक्शन) सापडला नाही असा. लॅमिंग्टन रोडवरील एका तंत्रज्ञांनी अँटिव्हायरस बंद करून, फुकट डीएलएल देणाऱ्या एखाद्या संकेतस्थळावरून ताज्या फाइली उतरवून घ्या, असे सुचवले. ते मला पटत नाही. जीएसटीआर-३बी या मासिक जीएसटी विवरणपत्राची २० तारीख जवळ येत असल्याने जाणकारांनी कृपया मार्गदर्शन करावे.

दादर_प्रणाली

नमस्कार. आपल्याला ते पटले नाही हे फार चांगले झाले. अशा संकेतस्थळावरची फाइल कोणी बांधली आणि तिच्यात काय घातले हे कळण्याचा मार्ग नसतो. जी लायब्ररी ब्राउझरच्या किंवा सहीच्या प्रोग्रामच्या पोटात लोड होते, तिला त्या प्रोग्रामचे सगळे अधिकार मिळतात. तुमच्या कार्यालयात त्या अधिकारांमध्ये अशिलांच्या सह्या येतात, त्यामुळे हा सल्ला पूर्णपणे बाजूला ठेवा.

आपल्या दोन्ही फाइली डीएलएल असल्या तरी त्यांची कामे अगदी वेगळी आहेत. पहिली फाइल बहुधा ‘ब्राउझर हेल्पर ऑब्जेक्ट’ या प्रकारची आहे. मायक्रोसॉफ्टने ही सोय १९९७ मध्ये इंटरनेट एक्सप्लोरर ४ सोबत आणली. रजिस्ट्रीत (विंडोजच्या सेटिंगच्या नोंदवहीत) लायब्ररीची नोंद केली की ब्राउझर उघडताच ती त्याच्याच प्रक्रियेत लोड होत असे आणि उघडलेल्या प्रत्येक पानात तिला वाचता-लिहिता येत असे. व्हिज्युअल बेसिक ६ फक्त ३२ बिटच्या फाइली तयार करते आणि विंडोज ११ ही प्रणाली ६४ बिटचीच आहे. सिस्टम३२ या नावामुळे बरेच जण फसतात, कारण ६४ बिट विंडोजवर त्या फोल्डरमध्ये ६४ बिटच्या फाइली असतात आणि ३२ बिटच्या फाइलींची जागा सिसवाऊ६४ ही असते. ३२ बिटच्या प्रक्रियेने सिस्टम३२ मध्ये फाइल मागितली की विंडोज तिला परस्पर सिसवाऊ६४ कडे वळवते. तिथे आपली फाइल नाही, म्हणून पहिला संदेश येतो. ती योग्य फोल्डरमध्ये ठेवली तर नोंदणी बहुधा होईल, पण तिला लोड करून घेणारा ब्राउझरच आता उरलेला नाही. इंटरनेट एक्सप्लोरर ११ चा आधार १५ जून २०२२ रोजी संपला आणि क्रोम, फायरफॉक्स किंवा एज यांनी या प्रकारची लायब्ररी आपल्यात कधीच घेतली नाही.

दुसरी फाइल मात्र आजही उपयोगाची आहे. ती पीकेसीएस#११ या मानकाची लायब्ररी असावी. अशा लायब्ररीत सी_गेटफंक्शनलिस्ट हा प्रवेशबिंदू असतो आणि सही करणारा प्रोग्राम त्याच्यामार्फत टोकनशी बोलतो. सही करणारी खासगी किल्ली टोकनच्या बाहेर येत नाही. ही लायब्ररी रेगएसव्हीआर३२ ने नोंदवायचीच नसते, त्यामुळे तो दुसरा संदेश फाइल बिघडल्याचे लक्षण नाही. तरीही जुनी प्रत वापरू नये. टोकनच्या उत्पादकाच्या अधिकृत संकेतस्थळावरून विंडोज ११ साठीचा ड्रायव्हर घ्यावा आणि चालवण्यापूर्वी फाइलच्या गुणधर्मांतील डिजिटल सिग्नेचर्स या टॅबवर त्याच उत्पादकाचे नाव आहे ना, हे पाहावे. ड्रायव्हर बसला की क्रोम आणि एज यांना टोकनमधले प्रमाणपत्र विंडोजच्या प्रमाणपत्र-साठ्यातून दिसते. फायरफॉक्समध्ये सुरक्षा उपकरणांच्या यादीत ही लायब्ररी हाताने जोडावी लागू शकते.

मुलुंडवासी

वरील उत्तराला एक छोटी जोड देतो. एजमध्ये ‘इंटरनेट एक्सप्लोरर मोड’ आहे, त्यात अशा हेल्पर लायब्ररी अजून चालतात आणि किमान २०२९ पर्यंत तो मोड ठेवण्याचे मायक्रोसॉफ्टने सांगितले आहे. पान त्या मोडमध्ये उघडण्याची परवानगी एजच्या सेटिंगमधून द्यावी लागते आणि हाताने यादीत घातलेला पत्ता ३० दिवसांनी निघून जातो. मात्र हा मोड जुनेच इंजिन वापरतो आणि आजच्या पोर्टलांची पाने त्यात धड उघडतील याची खात्री नसते. या २० तारखेसाठी प्रयोग करून पाहायला हरकत नाही, पण त्यावर विसंबून राहू नये.

फोर्टकर

आपणा दोघांचे मनापासून आभार. उत्पादकाकडून ड्रायव्हर घेतला आणि क्रोममध्ये प्रमाणपत्र दिसू लागले आहे. या महिन्याचे रकाने आम्ही हातानेच भरणार आहोत. एक तरुण प्रोग्रामर आपोआप भरण्याची सोय नव्याने करून द्यायला तयार आहेत. ते म्हणतात की संगणकावरच एक छोटा सर्व्हर चालवून ब्राउझरशी बोलता येईल. ते योग्य होईल का? आमचा सगळा डेटा जुन्या ॲक्सेस फाइलमध्ये आहे. आणि जुनी डीएलएल नुसती पुसली तर चालेल का?

दादर_प्रणाली

१२७.०.०.१ या, म्हणजे संगणकाच्या स्वतःच्याच पत्त्यावर स्थानिक सर्व्हर चालवण्याची पद्धत रूढ आहे आणि सहीच्या बऱ्याच साधनांत ती दिसते. अडचण अशी की त्या सर्व्हरच्या पोर्टवर कोणत्याही संकेतस्थळाचे पान दार ठोठावू शकते, म्हणून विनंती कुठून आली हे सर्व्हरने प्रत्येक वेळी तपासावेच लागते. अलीकडच्या क्रोममध्ये संकेतस्थळाला स्थानिक नेटवर्कशी बोलू द्यायचे का, अशी परवानगीही विचारली जाते. ती चुकून नाकारली गेली की सही अचानक बंद पडते आणि लोक टोकनला दोष देतात.

आपल्या कामासाठी मी नेटिव्ह मेसेजिंग सुचवेन. यात एक छोटे एक्स्टेन्शन (ब्राउझरमध्ये बसवायचा जोड-प्रोग्राम) असते आणि ब्राउझरच्या बाहेर वेगळ्या प्रक्रियेत चालणारा एक होस्ट प्रोग्राम असतो. एक्स्टेन्शनला फक्त त्या एका पोर्टलची परवानगी द्यावी, म्हणजे बँकेच्या पानाशी त्याचा संबंध येत नाही. जुन्या डीएलएलला अशी मर्यादा नव्हती. होस्ट वेगळ्या प्रक्रियेत असल्याने तो ३२ बिटचा राहू शकतो आणि ते आपल्या पथ्यावर पडेल, कारण ॲक्सेसची जुनी फाइल वाचणारा जेट ४.० हा घटक ३२ बिटमध्येच उपलब्ध आहे.

आपल्या प्रोग्रामरना काही गोष्टी आवर्जून सांगा. होस्टची माहिती एका जेएसओएन मॅनिफेस्टमध्ये (माहितीच्या मजकूर-फाइलीत) असते आणि त्या मॅनिफेस्टचा पत्ता रजिस्ट्रीत नोंदवायचा असतो. मॅनिफेस्टमध्ये परवानगी असलेल्या एक्स्टेन्शनचा पत्ता लिहिताना शेवटची तिरकी रेघ राहून गेली तर क्रोम होस्टला जोडून देत नाही. प्रत्येक संदेशाच्या आधी त्याची लांबी ४ बाइटमध्ये पाठवायची असते आणि ती बाइटमध्ये मोजलेली हवी. आपल्याकडील नावे देवनागरीत असतील तर इथे हमखास गोंधळ होतो. ‘सदाशिव’ या शब्दात युनिकोडची ६ चिन्हे आहेत, पण यूटीएफ-८ या साठवणुकीच्या पद्धतीत त्याचे १८ बाइट होतात. चिन्हे मोजून लांबी पाठवली की ब्राउझर संदेश अर्धवट वाचतो आणि संवाद तुटतो. विंडोजवर होस्टचे इनपुट व आउटपुट बायनरी मोडमध्ये (बाइट न बदलता) ठेवावे लागतात, आणि तपासणीसाठी म्हणून आउटपुटवर एखादी जादा ओळ छापली तरी हेच घडते, म्हणून नोंदी वेगळ्या फाइलमध्ये लिहाव्यात.

जुन्या संगणकांवरून डीएलएल थेट पुसू नका. आधी रेगएसव्हीआर३२ ला /यू हा पर्याय देऊन नोंदणी रद्द करा आणि मगच फाइल काढा, नाहीतर आता अस्तित्वात नसलेल्या फाइलीकडे बोट दाखवणारी नोंद रजिस्ट्रीत मागे राहते. नोंद खरोखर गेली की नाही, हे मायक्रोसॉफ्टच्या सिसइंटर्नल्स संचातील ऑटोरन्स या साधनातील इंटरनेट एक्सप्लोररच्या टॅबवर पाहता येते.